चिलीचा चित्रित पंचनामा

२८ नोव्हेंबर १९७४ च्या रात्री चिलीची राजधानी सान्तियागो इथे एका नव्या चित्रपटाचा प्रीमियर झाला. चित्रपटाचं नाव ‘आ ला सोम्ब्रा देल सोल’. दिग्दर्शक दोघे, सिल्व्हियो कायोत्सी आणि पाब्लो पेरेलमान. उत्तरेकडच्या आताकामा वाळवंटातल्या कास्पाना नावाच्या खेड्यात त्याचं चित्रीकरण झालं होतं. लष्कराने सत्ता बळकावून चौदा महिने उलटले होते. असल्या दिवसांत चित्रपट पूर्ण होऊन पडद्यावर आला, याचंच त्या मंडळींना अप्रूप असणार.

दुसऱ्या दिवशी सकाळी त्याच चित्रपटासाठी राबलेल्या दोघांना ‘दीना’च्या माणसांनी रस्त्यातून उचललं. दीना म्हणजे हुकूमशहा ऑगस्तो पिनोचेची गुप्त पोलीस संघटना. उचललेल्यांतला एक कॅमेरामन खोर्खे म्युलर सिल्वा, वय २७. दुसरी त्याची जोडीदार, अभिनेत्री कार्मेन ब्वेनो, वय २४. विया ग्रिमाल्दी या छळछावणीत इतर कैद्यांनी दोघांना पाहिलं. पुढे त्यांचा माग लागत नाही. त्यांच्यावर खटला झाला नाही, त्यांना शिक्षा झाली नाही, मृत्यूचा दाखला नाही, प्रेतही नाही.

दोघेही ‘मीर’ या डाव्या क्रांतिकारी संघटनेत होते. दीनाला ती संघटना मुळापासून उखडून काढायची होती, त्यामुळे त्यांना उचलण्याचं उघड कारण तेच. पण खोर्खेच्या खांद्यावर त्याआधी वर्षभर जो कॅमेरा होता, त्याची हकीकत सांगितल्याशिवाय चिलीतल्या बेपत्ता माणसांची आणि त्यांना शोधणाऱ्या माहितीपटांची गोष्ट सुरूच होत नाही.

माद्रिदला चित्रपटकला शिकून पात्रिसियो गुझमान १९७१ मध्ये मायदेशी परतला. साल्वादोर आयेंदे हा समाजवादी नेता निवडणूक जिंकून नुकताच राष्ट्राध्यक्ष झाला होता, आणि देश ढवळून निघत होता. गुझमानने त्या पहिल्या वर्षावर माहितीपट केला. फ्रेंच दिग्दर्शक क्रिस मार्कर सान्तियागोला आला असता त्याने तो पाहिला आणि फ्रान्समध्ये दाखवण्याची व्यवस्था केली. पुढे १९७३ मध्ये आयेंदेचं सरकार पडणार की टिकणार, अशी वेळ आली. गुझमानला हा सगळा झगडा रोजच्या रोज टिपायचा होता. अडचण होती कच्च्या फिल्मची. अमेरिकेने चालवलेल्या आर्थिक कोंडीमुळे देशात फिल्म मिळेना. गुझमानने मार्करला पत्र लिहिलं आणि मार्करने फिल्मचे डबे पाठवून दिले. १६ मिलिमीटरची सुमारे ४३,००० फूट फिल्म. ऐकायला भरपूर वाटते, पण होतात जेमतेम वीस तास. म्हणजे महिनोन्‌महिन्यांच्या उलथापालथीसाठी वीस तास.

त्यामुळे एकेक फूट जपून वापरावा लागे. चमूत पाच-सहा माणसं, एक कॅमेरा, एक ध्वनिमुद्रक यंत्र. खोर्खेचा डोळा कॅमेऱ्याच्या भिंगाला लागलेला, म्हणून आजूबाजूला काय घडतंय ते त्याला दिसत नसे. गुझमान त्याच्या शेजारी उभा राहून पुढे काय होणार याचा अंदाज घ्यायचा आणि हळू आवाजात सांगायचा. आता डावीकडे, आता वर. कारखान्यांतल्या सभा, रस्त्यावरचे मोर्चे, संपावर गेलेले ट्रकवाले, संसदेतली भांडणं, लष्करी अधिकाऱ्याच्या अंत्ययात्रेत जमलेले सेनानी, हे सगळं असं टिपलं गेलं. त्या अंत्ययात्रेत कॅमेरा एकेका अधिकाऱ्याच्या चेहऱ्यावरून सावकाश फिरतो. पुढे काय झालं ते ठाऊक असलेल्या प्रेक्षकाला ते चेहरे बघवत नाहीत.

यातूनच उभ्या राहिलेल्या ‘चिलीची लढाई’ या माहितीपटाच्या पहिल्या भागाचा शेवट मात्र खोर्खेने टिपलेला नाही. २९ जून १९७३ रोजी रणगाड्यांच्या एका तुकडीने बंडाचा प्रयत्न केला. लेओनार्दो हेन्रिक्सन हा अर्जेंटिनाचा कॅमेरामन स्वीडनच्या दूरचित्रवाणीसाठी रस्त्यावर चित्रीकरण करत होता. एका सैनिकाने त्याच्यावर नेम धरला. हेन्रिक्सनने कॅमेरा खाली घेतला नाही. गोळी सुटते, चित्र डोलतं, आणि फिल्म संपते. स्वतःच्या मृत्यूचं चित्रण करून ठेवणारा माणूस, असं त्याच्याबद्दल नेहमी लिहिलं जातं. मला त्यापेक्षा महत्त्वाचं वाटतं ते हे, की त्याने आपल्या मारेकऱ्यांचे चेहरे टिपून ठेवले. तीन दशकं उलटल्यावर चिलीतल्या पत्रकारांनी त्या चित्रफितीचा आधार घेऊन गोळीबार करणाऱ्या सैनिकाचा माग काढला.

११ सप्टेंबर १९७३ रोजी खरं बंड झालं. हवाई दलाच्या विमानांनी ला मोनेदा या राष्ट्राध्यक्षांच्या प्रासादावर बॉम्ब टाकले, आयेंदेचा अंत झाला. गुझमानला पकडून राष्ट्रीय फुटबॉल स्टेडियममध्ये डांबलं. तिथे हजारो माणसं कोंडली होती. दोन आठवड्यांनी तो सुटला. दरम्यान फिल्मचे डबे त्याच्या एका काकाच्या घरी लपवलेले होते. स्वीडनचे राजदूत हाराल्ड एडेलस्टाम हे त्या दिवसांत माणसांना वाचवण्यासाठी जिवावर उदार झाले होते. त्यांच्या दूतावासाने हे डबेही जहाजाने स्टॉकहोमला रवाना केले. तिथून सगळं क्यूबाला गेलं. हवानाच्या चित्रपट संस्थेत पेद्रो चास्केल या संकलकाबरोबर गुझमान काही वर्षं बसून राहिला आणि ‘चिलीची लढाई’ तीन भागांत पूर्ण झाली: १९७५, १९७६, १९७९.

(आपल्याकडेही आणीबाणीत आनंद पटवर्धन यांच्या बिहार आंदोलनावरच्या माहितीपटाची प्रिंट तुकडे करून देशाबाहेर न्यावी लागली होती. सत्ताधाऱ्यांना फिल्मच्या डब्यांची भीती का वाटते, हे मराठी वाचकाला नव्याने सांगायला नको.)

गुझमान देशाबाहेर पडला. खोर्खे राहिला. ज्याने हे सगळं टिपलं, त्याने ते पडद्यावर कधीच पाहिलं नाही. ‘चिलीची लढाई’ त्याच्याच स्मृतीला अर्पण केलेली आहे.

माणूस नाहीसा करण्याची ही पद्धत पिनोचेच्या राजवटीने विचारपूर्वक उचलली होती. मारून प्रेत रस्त्यात टाकलं तर जगात बोभाटा होतो, दफनविधीला गर्दी जमते. अटकच नाकारली की प्रश्नच मिटतो. आई पोलीस ठाण्यात जाते, तिथे सांगतात, असं कुणी आमच्याकडे नाही. कदाचित दुसरी बाई ठेवून पळाला असेल. १९७५ मध्ये तर संयुक्त राष्ट्रांत चिलीच्या प्रतिनिधीने सांगितलं की बेपत्ता म्हणवल्या जाणाऱ्यांपैकी बऱ्याच जणांना कायद्याने अस्तित्वच नाही, ही माणसं कधी नव्हतीच. अशा सरकारपुढे बायकांच्या हातात होतं काय? नवऱ्याचा, मुलाचा एखादा फोटो. तो छातीवर टाचून त्या न्यायालयाच्या दारात उभ्या राहायच्या. कार्डिनल राउल सिल्वा एन्रिकेस यांनी १९७६ मध्ये चर्चच्या छत्राखाली ‘एकजुटीचं विकारियत’ नावाची संस्था सुरू केली. तिथले वकील प्रत्येक बेपत्ता माणसाच्या नावाने न्यायालयात अर्ज करायचे. अर्ज फेटाळले जात, पण त्यांच्या प्रती जपून ठेवल्या जात. पुढचे सगळे खटले त्या कागदांवर उभे राहिले.

पहिली मोठी भेग पडली लोन्केन या गावी. ३० नोव्हेंबर १९७८ रोजी तिथल्या पडीक चुनाभट्ट्यांत १५ जणांचे अवशेष सापडले. १९७३ च्या ऑक्टोबरमध्ये पोलिसांनी उचललेली माणसं होती ती, बहुतेक शेतकरी. त्यांत एकाच घरातले बाप आणि चार मुलगे. म्हणजे ‘कधी नव्हतीच’ ती माणसं होती, आणि मारली गेली होती. यावर राजवटीने काय केलं? चौकशी नाही. वरून गुप्त हुकूम सुटला की अशी पुरलेली प्रेतं शोधा, उकरा आणि कायमची नाहीशी करा. या मोहिमेचं सांकेतिक नाव होतं ‘टीव्ही संच परत घेणे’. यंत्रांनी खड्डे उपसले गेले. जे हाती लागलं ते कुठे जाळलं, कुठे समुद्रात टाकलं. यंत्राच्या दातांतून निसटलेले तुकडे तेवढे जागेवर राहिले.

त्या तुकड्यांमागे कालामा गावच्या बायका लागल्या. १९ ऑक्टोबर १९७३ रोजी ‘मृत्यूचा काफिला’ म्हणून ओळखलं जाणारं लष्करी पथक हेलिकॉप्टरने कालामाला उतरलं आणि २६ कैद्यांना वाळवंटात नेऊन मारलं. त्यांच्या बायका आणि बहिणी फावडी घेऊन आताकामात खणत राहिल्या, वर्षानुवर्षं. १९९० मध्ये एका घळीजवळ हाडांचे तुकडे सापडले. प्रेतं तिथून आधीच हलवली होती. गुझमानने २०१० मध्ये ‘प्रकाशाची ओढ’ हा माहितीपट केला तो या बायकांवर, आणि त्याच वाळवंटातल्या खगोलशास्त्रज्ञांवर. आताकामाची हवा जगातल्या सर्वांत कोरड्या हवांत मोडते. म्हणून तिथे दुर्बिणी आहेत, आणि म्हणूनच तिथे हाडं कुजत नाहीत. वियोलेता बेर्रिओस ही त्यांतली म्हातारी कॅमेऱ्यापुढे म्हणते की या दुर्बिणी आभाळाऐवजी जमिनीत रोखता आल्या असत्या तर किती बरं झालं असतं. दुसरी एक बहीण सांगते की भावाचं म्हणून तिला एक पाऊल मिळालं, बुटासकट. ती त्या पावलाजवळ बसून राहिली. भाऊ मेला हे तिला त्या दिवशी पटलं.

हा माहितीपट जगभर वाखाणला गेला. माझी एक तक्रार आहे. गुझमानच्या संथ, ताऱ्यांकडे बघत बोलणाऱ्या निवेदनात कधी कधी खुनी हरवतात. कुणी हुकूम दिला, हेलिकॉप्टर कुणाचं, यंत्रं कोणत्या पलटणीची, हे प्रश्न सुंदर चित्रांखाली दबतात. २०१५ च्या ‘मोत्याचं बटण’मध्ये ती उणीव त्याने भरून काढली. कैद्यांना रुळाच्या तुकड्याला बांधून हेलिकॉप्टरमधून समुद्रात टाकत असत. न्यायाधीश हुआन गुझमान तापिया यांच्या तपासात पाणबुडे खाली उतरले, गंजलेले रूळ वर काढले. एका रुळाला चिकटलेलं बटण निघालं, शर्टाचं साधं बटण. गुझमान (दिग्दर्शक, न्यायाधीशांशी त्याचं नातं नाही) कॅमेऱ्यापुढे एक बाहुलं मांडून प्रेत कसं बांधत, तार कशी गुंडाळत, गोणपाट कसं शिवत, हे एकेक पायरीने करवून दाखवतो. तो प्रसंग पाहताना प्रेक्षागृहात कुणाला खोकण्याचंही भान राहत नाही.

आता सिल्व्हियो कायोत्सीकडे वळू. तोच, ज्याच्या प्रीमियरनंतरच्या सकाळी खोर्खे आणि कार्मेन गेले. १९९८ मध्ये त्याने अर्ध्या तासाचा एक माहितीपट केला, ‘फर्नांडो परत आला’. माझ्या मते या विषयावर चिलीत झालेलं सर्वांत धाडसाचं काम हेच.

सान्तियागोच्या सार्वजनिक दफनभूमीत ‘पातिओ २९’ नावाचा एक कोपरा आहे. बंडानंतरच्या महिन्यांत तिथे नाव नसलेली प्रेतं पुरली गेली, वर फक्त ‘एन. एन.’ लिहिलेले लोखंडी क्रूस. एकाच पेटीत दोन-दोन प्रेतं निघाली, तेव्हा म्हातारा पिनोचे म्हणाला होता की केवढी ही काटकसर. १९९१ मध्ये तिथे उत्खनन झालं, आणि पुढे न्यायवैद्यक संस्थेने ९६ जणांची ओळख पटल्याचं जाहीर केलं. त्यांत एक फर्नांडो ऑलिव्हारेस मोरी. संयुक्त राष्ट्रांच्या एका संस्थेत काम करणारा तरुण, १९७३ च्या ऑक्टोबरमध्ये नाहीसा झालेला.

कायोत्सीचा कॅमेरा सरळ त्या संस्थेच्या खोलीत जातो. टेबलावर कवटीपासून पायाच्या बोटांपर्यंत सगळी हाडं क्रमाने मांडलेली. समोर फर्नांडोची पत्नी. डॉक्टरबाई एकेक हाड दाखवून सांगतात: ही बरगडी मोडलेली, इथून गोळी आत शिरली, इथून बाहेर पडली. त्यांचा आवाज शांत आहे, वर्गात शिकवतात तसा, पण रुक्ष नाही. पत्नी ऐकते, विचारते, हात पुढे करून स्पर्श करते. संगीत नाही, निवेदन नाही. मग हाडं एका छोट्या पेटीत भरली जातात आणि पंचवीस वर्षांनी त्या घरातून अंत्ययात्रा निघते. रडणं आहे, आणि कुठे तरी सुटकाही आहे.

आठ वर्षांनी, २००६ मध्ये, सरकारने जाहीर केलं की पातिओ २९ च्या ९६ पैकी ४८ जणांची ओळख चुकीची पटवली होती. डीएनएची नवी चाचणी झाली होती. आधीची पद्धत कवटीचं चित्र जुन्या फोटोवर ठेवून ताडण्याची, आणि ती फसली होती. त्या ४८ मध्ये फर्नांडो होता. त्याच्या पत्नीने ज्याला पोचवलं, तो दुसऱ्याच कुणाचा तरी नवरा, कुणाचा तरी मुलगा होता.

दुसरा एखादा दिग्दर्शक असता तर जुना माहितीपट गुपचूप कपाटात गेला असता. कायोत्सी कॅमेरा घेऊन परत त्याच घरी गेला आणि ‘फर्नांडो पुन्हा नाहीसा झाला’ हा दुसरा माहितीपट केला. पत्नीचा संताप, थकवा, ज्या संस्थेवर भरवसा ठेवला तिच्याबद्दलची चीड, सगळं त्यात आहे. लष्कराने नाहीसा केलेला माणूस लोकशाही सरकारच्या बेपर्वाईने दुसऱ्यांदा नाहीसा झाला. चिलीच्या लोकशाहीने न्यायासाठी किती पैसा आणि किती काळजी खर्ची घातली, याचं उत्तर या दोन लहान माहितीपटांत मिळतं. आणि पहिला माहितीपट खोटा ठरला असंही म्हणता येत नाही. टेबलावरच्या माणसाचं नाव चुकलं, मोडलेल्या बरगड्या आणि गोळीची भोकं खरी होती.

न्यायालयांची हकीकत वेगळीच वळणं घेते. पिनोचेने १९७८ मध्ये माफीचा कायदा केला होता: ११ सप्टेंबर १९७३ ते १० मार्च १९७८ या काळातल्या गुन्ह्यांवर पडदा. खून सिद्ध झाला की माफीही लागू. मग न्यायाधीश तापिया आणि मानवी हक्कांचे वकील यांनी एक साधा प्रश्न पुढे रेटला. प्रेत कुठे आहे? प्रेत नाही, तर खून झाला हे कशावरून? अपहरण झालं एवढंच सिद्ध होतं, आणि अपहृत माणूस परत आलेला नाही, म्हणजे अपहरणाचा गुन्हा आजही चालू आहे. जो गुन्हा संपलाच नाही, त्याला १९७८ ची माफी कशी लागणार? १९९९ मध्ये सर्वोच्च न्यायालयाने हा युक्तिवाद स्वीकारून काफिल्याच्या खटल्याला वाट मोकळी केली आणि २००४ मध्ये एका निकालाने त्यावर शिक्कामोर्तब केलं. प्रेतं पळवून पुरावा मिटवणाऱ्यांनी स्वतःच्या गळ्यात हा फास अडकवून घेतला होता. दीनाचा प्रमुख मानुएल कोन्त्रेरास २०१५ मध्ये मेला तेव्हा त्याच्यावर पाचशेहून अधिक वर्षांच्या शिक्षा जमा झाल्या होत्या. पिनोचे मात्र सुटला. १९९८ मध्ये लंडनला त्याला अटक झाली, त्यावरही गुझमानने माहितीपट केला. पण तब्येतीचं कारण पुढे करत तो मायदेशी परतला आणि १० डिसेंबर २००६ रोजी एकही शिक्षा न होता गेला.

गुझमानच्या पुढच्या पिढीने प्रश्न उलटा करून पाहिला: मारणारे कसे जगतात? मार्सेला साइद आणि झां द सर्तो यांचा ‘एल मोसितो’ (२०११) पाहा. दीनाच्या एका तळावर चहा-कॉफी नेऊन देणारा पोरसवदा नोकर खोर्खेलीनो व्हेर्गारा, हा त्याचा नायक. सिमोन बोलिव्हार नावाच्या त्या तळाचा पत्ता कुणाला नव्हता, कारण तिथून जिवंत सुटलेलं कुणी नव्हतं. २००७ मध्ये या माणसाने न्यायाधीशापुढे तोंड उघडलं आणि बऱ्याच अधिकाऱ्यांचे मुखवटे उतरले. लिसेत ओरोस्को या तरुणीने ‘आद्रियानाचा करार’ (२०१७) केला तो सिडनीत राहणाऱ्या स्वतःच्या मावशीवर, जिच्यावर दीनाच्या कामात सामील असल्याचा आरोप आहे. लाडक्या मावशीला प्रश्न विचारताना भाचीचा आवाज कापतो, पण ती विचारते. २०१९ मध्ये मावशीला ऑस्ट्रेलियात अटक झाली.

आणि ‘चिलीची लढाई’? लोकशाही आली तरी देशातल्या दूरचित्रवाणीने ती दाखवली नाही. १९९७ च्या ‘हट्टी स्मृती’त गुझमान ती घेऊन शाळा-महाविद्यालयांत फिरतो; बऱ्याच ठिकाणी परवानगी मिळत नाही. जिथे मिळते तिथे विशीतली मुलं खेळ संपल्यावर ओक्साबोक्शी रडताना दिसतात, कारण आपल्या आईबापांनी आपल्याला काही सांगितलंच नाही हे त्यांना कळतं. खुल्या वाहिनीवर ती पहिल्यांदा लागली २०२१ च्या सप्टेंबरमध्ये. चित्रपट पूर्ण होऊन बेचाळीस वर्षं झाली होती.

३० ऑगस्ट २०२३ रोजी राष्ट्राध्यक्ष गाब्रिएल बोरिच यांनी राष्ट्रीय शोध योजना जाहीर केली. पन्नास वर्षं बायकांनी फावड्यांनी केलेलं काम सरकारने पहिल्यांदा आपलं म्हटलं. तेव्हा अधिकृत यादीत १,४६९ नावं होती. त्या दिवसापर्यंत ओळख पटली होती ३०७ जणांची. चिलीने सक्तीने बेपत्ता करण्याविरुद्धचा आंतरराष्ट्रीय करार २००९ मध्ये मंजूर केला. भारताने त्या करारावर २००७ मध्ये सही केली आहे; मंजुरी दिलेली नाही.